रस्त्यावरच्या विक्रेत्याचा हक्क : आधी नोंद, मग प्रमाणपत्र, हटवणे सर्वांत शेवटी

मराठवाड्याच्या शहरांत हातगाड्यावर, पाटीत किंवा रस्त्याच्या कडेला पोते अंथरून माल विकणाऱ्या बहुतेकांची अशी समजूत असते की आपण नगरपालिकेच्या मेहेरबानीवर बसलो आहोत आणि अतिक्रमण हटाव पथकाची गाडी दिसली की जमेल तेवढा माल उचलून गल्लीत शिरणे एवढेच आपल्या हाती आहे. वर्षानुवर्षे तहबाजारीची, म्हणजे रस्त्यावर बसण्यासाठी पालिकेकडे भरायच्या फीची, पावती घेऊनही ही समजूत जात नाही. वास्तविक रस्त्यावर विक्री करणाऱ्यांच्या उपजीविकेला संरक्षण देणारा स्वतंत्र केंद्रीय कायदा 1 मे 2014 पासून अमलात आहे. त्याचे नाव ‘पथविक्रेता (उपजीविका संरक्षण आणि पथविक्री विनियमन) अधिनियम, 2014’ असे असून महाराष्ट्र शासनाने त्याखालील नियम 2016 मध्ये आणि योजना 2017 मध्ये लागू केली आहे.

नाव अवजड असले तरी या कायद्याचा गाभा समजायला अवघड नाही. कोणते काम आधी आणि कोणते नंतर करायचे, याचा एक क्रम त्याने घालून दिला आहे. आधी शहरातल्या सर्व विक्रेत्यांची पाहणी करायची, पाहणीत आढळलेल्यांना विक्री प्रमाणपत्र द्यायचे, शहराचा पथविक्री आराखडा करून फेरीवाला क्षेत्रे ठरवायची आणि एवढे सगळे झाल्यावरही एखाद्याला हलवणे भागच पडले तर नोटीस देऊन व नवी जागा दाखवून हलवायचे. प्रत्यक्षात बऱ्याच ठिकाणी हा क्रम उलटा चालतो. म्हणजे आधी गाडे उचलले जातात आणि पाहणीची फाईल टेबलावर राहते. विक्रेत्याने पाठ करण्यासारखी एकच गोष्ट असेल तर ती हा क्रम होय, कारण पुढचे जवळजवळ सर्व हक्क त्यातूनच निघतात.

कायदा येण्याआधीही विक्रेता अगदीच निराधार नव्हता. मुंबईतील पदपथवासीयांच्या ओल्गा टेलिस खटल्यात 1985 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, उपजीविकेचा हक्क हा संविधानाच्या अनुच्छेद 21 मधील जीविताच्या हक्कात समाविष्ट आहे, असे सांगितले. त्यानंतर 1989 मध्ये सोदान सिंग खटल्यात पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने, रस्त्यावर व्यापार करणे हे अनुच्छेद 19(1)(छ) मधील व्यवसाय स्वातंत्र्यात येते असा निर्वाळा दिला. मात्र हा हक्क वाजवी निर्बंधांच्या अधीन आहे आणि त्यामुळे कोणालाही रस्त्यावरची अमुकच जागा कायमची मागता येत नाही, हेही त्याच निकालात स्पष्ट केले. पुढे 2004 व 2009 मध्ये राष्ट्रीय धोरणे आली, पण धोरणाला कायद्याचे बळ नसते, म्हणून 2010 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शासनाला कायदा करण्यास सांगितले. तेव्हा 2014 चा कायदा म्हणजे कोणी वाटलेली सवलत नसून मूलभूत हक्काला घातलेली चौकट आहे, हे कार्यालयाच्या खिडकीशी उभे राहताना ध्यानात असावे.

या कायद्यात ‘पथविक्रेता’ कोणाला म्हटले आहे, ते आधी पाहू. रस्ता, गल्ली, पदपथ, सार्वजनिक उद्यान किंवा इतर सार्वजनिक जागी, इतकेच नव्हे तर खाजगी जागेतही, तात्पुरत्या बांधणीतून किंवा फिरून रोजच्या गरजेच्या वस्तू आणि खाद्यपदार्थ विकणारा अथवा लोकांना सेवा देणारा कोणीही त्यात येतो. ‘सेवा देणारा’ हे शब्द महत्त्वाचे आहेत. चपला शिवणारा, कुलपाच्या किल्ल्या करून देणारा, सुरी-कात्रीला धार लावणारा हे काही माल विकत नाहीत, तरी तेही पथविक्रेतेच ठरतात आणि पाहणीत आपले नाव यावे असा आग्रह धरू शकतात. रेल्वेची जमीन, आवार व गाड्या यांना मात्र हा कायदा लागू नाही. नांदेड, परभणी किंवा पूर्णा स्थानकाच्या आत विकायचे असेल तर रेल्वेचे नियम पाहावे लागतात. बसस्थानकाच्या आवारातही एसटी महामंडळाची स्वतंत्र परवानगी लागते.

पाहणी आणि तिच्याआधीचे संरक्षण

पालिकेचे अधिकारी आणि विक्रेत्यांचे प्रतिनिधी असलेल्या नगर पथविक्रेता समितीने दर पाच वर्षांतून किमान एकदा आपल्या हद्दीतील सर्व विक्रेत्यांची पाहणी केली पाहिजे, असे कलम 3 सांगते. पाहणीत आढळलेल्या सर्वांना प्रभागाच्या किंवा शहराच्या लोकसंख्येच्या अडीच टक्के या प्रमाणाच्या अधीन राहून फेरीवाला क्षेत्रात सामावून घ्यायचे असते. हे प्रमाण लहान नाही. लातूर शहराची लोकसंख्या 2011 च्या जनगणनेनुसार सुमारे 3 लाख 82 हजार होती आणि तिचे अडीच टक्के म्हणजे साडेनऊ हजारांच्या आसपास विक्रेते होतात. एखाद्या क्षेत्राच्या क्षमतेपेक्षा विक्रेते जास्त निघाले तर चिठ्ठ्या टाकायच्या आणि उरलेल्यांना लगतच्या क्षेत्रात जागा द्यायची, अशी व्यवस्था कायद्यात आहे. चिठ्ठीत नाव आले नाही म्हणून एखाद्याला घरी बसवता येत नाही.

याच कलमाच्या तिसऱ्या पोटकलमात कायद्यातील सर्वांत मोलाचे वाक्य आहे. पाहणी पूर्ण होऊन सर्व विक्रेत्यांना प्रमाणपत्रे मिळेपर्यंत कोणाही पथविक्रेत्याला हटवता किंवा स्थलांतरित करता येणार नाही, असा त्याचा आशय आहे. ज्या शहरात पाहणी झालेली नाही, किंवा पाहणी झाली पण प्रमाणपत्रे वाटली गेली नाहीत, तेथे विक्रेत्याच्या हाती परवाना नसणे हा त्याचा दोष ठरत नाही. कारण जो कागद देणे पालिकेवर बंधनकारक होते, तोच पालिकेने दिलेला नाही. ‘लायसन्स दाखवा, नाही तर उठा’ या वाक्याला दिलेले हे कायदेशीर उत्तर आहे.

हे संरक्षण आधीपासून बसणाऱ्यांसाठी आहे. काल नव्याने गाडा लावला आणि आज कलम 3(3) पुढे केले, असे चालणार नाही, आणि तसे चालू नये हेही रास्तच आहे. त्यामुळे आपण इतक्या वर्षांपासून या ठिकाणी विकतो आहोत, हे कागदाने दाखवता आले पाहिजे. येथे मराठवाड्यातील विक्रेत्यांकडून एक चूक सर्रास होते, ती म्हणजे तहबाजारीची पावती संध्याकाळी फेकून देणे. ही पावती म्हणजे परवाना नव्हे, तिने जागेवर हक्क मिळत नाही. परंतु तिच्यावर तारीख असते, पालिकेचे किंवा वसुलीच्या ठेकेदाराचे नाव असते आणि त्या दिवशी तुम्ही तेथे विक्री करत होता याचा तो पालिकेकडूनच मिळालेला पुरावा असतो. हीच गोष्ट दंडाच्या पावतीची. पूर्वीचा परवाना, ओळखपत्र, कर्ज घेताना पालिकेने दिलेले शिफारस पत्र, संघटनेच्या सभासदत्वाची पावती, जुने छायाचित्र असे सगळे एका प्लास्टिकच्या पिशवीत घालून घरी ठेवावे आणि त्यांच्या छायांकित प्रती गाड्यावर ठेवाव्यात. पावतीची शाई उन्हाने उडते, म्हणून मोबाईलमध्ये तिचा फोटो काढून ठेवणे शहाणपणाचे आहे.

प्रमाणपत्र कोणाला आणि कोणत्या अटींवर

पाहणीत नोंद झालेल्या प्रत्येक विक्रेत्याला नगर पथविक्रेता समितीने विक्री प्रमाणपत्र आणि ओळखपत्र द्यायचे असते. केंद्रीय कायद्यात किमान वय 14 वर्षे पूर्ण असे असून राज्याला वेगळे वय ठरवण्याची मुभा आहे. प्रमाणपत्र एका जागी बसणारा, फिरता किंवा योजनेत नमूद केलेला अन्य प्रकार अशा वर्गवारीने मिळते, आणि ही वर्गवारी नीट वाचून घेतली पाहिजे. फिरत्या विक्रेत्याचे प्रमाणपत्र घेऊन चौकात कायमचे ठाण मांडले तर तो अटींचा भंग ठरतो. अनुसूचित जाती, अनुसूचित जमाती, इतर मागासवर्ग, महिला, दिव्यांग आणि अल्पसंख्याक यांना प्रमाणपत्र देताना प्राधान्य द्यावे, असेही कायदा म्हणतो. कायदा येण्यापूर्वी ज्यांना रीतसर परवाना मिळाला होता, त्यांना त्या परवान्याच्या मुदतीपर्यंत पथविक्रेता मानले जाते, मग त्यांचे नाव पाहणीत आलेले असो वा नसो. दोन पाहण्यांच्या मधल्या काळात नव्याने व्यवसाय सुरू करू इच्छिणाऱ्यालाही अर्ज करता येतो, मात्र त्याला प्रमाणपत्र मिळणे हे त्या क्षेत्राच्या क्षमतेवर आणि आराखड्यावर अवलंबून असते.

प्रमाणपत्र घेताना एक हमीपत्र लिहून द्यावे लागते. धंदा मी स्वतः किंवा माझ्या कुटुंबातील व्यक्ती करेल, मला उपजीविकेचे दुसरे साधन नाही आणि प्रमाणपत्र किंवा त्यात दिलेली जागा मी कोणालाही भाड्याने अथवा अन्य रीतीने देणार नाही, या त्यातील मुख्य अटी आहेत. शेवटची अट गांभीर्याने घ्यायला हवी. गाडा दुसऱ्याकडून भाड्याने आणणे आणि आपल्या नावावरची जागा दुसऱ्याला भाड्याने देणे यांत फरक आहे. मनाई आहे ती दुसऱ्या गोष्टीला. मोक्याच्या जागा मूठभर लोकांच्या हाती जाऊन खरा विक्रेता त्यांचा रोजंदार होऊ नये, यासाठी ही अट आहे आणि ती विक्रेत्यांच्याच हिताची आहे. विक्रेता मरण पावला किंवा कायमच्या आजारपणाने अथवा अपंगत्वाने काम करू शकत नसेल तर आधी पती किंवा पत्नी आणि त्यानंतर अवलंबून असलेले मूल, या क्रमाने प्रमाणपत्राची मुदत संपेपर्यंत त्या जागी व्यवसाय करू शकते. कर्ता पुरुष गेल्यावर त्याची जागा शेजारच्याने बळकावल्याच्या तक्रारी बाजारात ऐकू येतात. अशा वेळी विधवेला कोणाची मनधरणी करण्याची गरज नाही, तिचा क्रम कायद्यानेच पहिला ठेवला आहे.

प्रमाणपत्राच्या अटींप्रमाणे व्यवसाय करणाऱ्याला कोणतीही व्यक्ती, पोलीस किंवा अन्य प्राधिकरण रोखू शकत नाही, असे कलम 27 स्पष्टपणे सांगते. उलट प्रमाणपत्राशिवाय किंवा अटी मोडून विक्री केल्यास प्रत्येक वेळी 2,000 रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. प्रमाणपत्र निलंबित किंवा रद्द करायचे असेल तर आधी विक्रेत्याचे म्हणणे ऐकून घेणे बंधनकारक आहे आणि त्या निर्णयाविरुद्ध स्थानिक प्राधिकरणाकडे, म्हणजे महानगरपालिका किंवा नगरपालिकेकडे अपील करता येते.

कर्तव्ये थोडक्यात सांगता येतील. जागा स्वच्छ ठेवायची, सार्वजनिक सोयींचे नुकसान करायचे नाही, ठरलेले शुल्क वेळेवर भरायचे, आणि एकाच जागेवर सकाळी एकाने व संध्याकाळी दुसऱ्याने बसायचे ठरले असेल तर आपली वेळ संपताच माल हलवायचा. पायी चालणाऱ्या माणसाचा रस्त्यावर पहिला हक्क आहे. शाळेतून येणाऱ्या मुलांना गाड्यांमुळे रस्त्याच्या मधून चालावे लागत असेल तर तेथे विक्रेत्याच्या बाजूने बोलणे कठीण होते, ही गोष्ट विक्रेत्यांच्या संघटनांनी स्वतःहून मान्य करणे त्यांच्याच फायद्याचे आहे.

बाजार कोठे भरेल, हे कोण ठरवते

शहराचा पथविक्री आराखडा पालिकेने नियोजन प्राधिकरणाशी विचारविनिमय करून आणि नगर पथविक्रेता समितीच्या शिफारशीवरून दर पाच वर्षांनी करायचा असतो. त्यात निर्बंधमुक्त क्षेत्र, निर्बंधित क्षेत्र आणि ना-फेरीवाला क्षेत्र असे तीन प्रकार ठरतात. येथे पालिकेला मनमानी करता येऊ नये म्हणून कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत काही तत्त्वे लिहून ठेवली आहेत, आणि ती फारच कमी लोकांनी वाचलेली असल्यामुळे त्यांवर थोडे थांबणे आवश्यक वाटते.

पहिले तत्त्व नैसर्गिक बाजाराचे आहे. जेथे विकणारे आणि घेणारे पूर्वापार एकत्र येत आले आहेत, अशा जागेला कायदा नैसर्गिक बाजार म्हणतो. लातूरच्या गंजगोलाईला 16 रस्ते येऊन मिळतात आणि त्या रस्त्यांच्या तोंडाशी पिढ्यान्‌पिढ्या फळे, भाजी, बांगड्या, मसाले विकले जात आहेत. छत्रपती संभाजीनगरात शहागंज, गुलमंडी, औरंगपुरा ही नावेच बाजाराची आहेत. हे बाजार कोणी आखून दिले नाहीत, गिऱ्हाईक जेथे येते तेथे विक्रेता बसत गेला. पाहणीत नैसर्गिक बाजार म्हणून नोंदलेल्या ठिकाणाला ना-फेरीवाला क्षेत्र जाहीर करता येणार नाही, असे अनुसूची सांगते. दुसरे तत्त्व असे की, गर्दी होते एवढ्याच कारणावरून एखाद्या भागात विक्रीबंदी करता येत नाही. अस्वच्छतेचे कारणही तेव्हाच चालते जेव्हा ती अस्वच्छता केवळ विक्रेत्यांमुळे झालेली असते आणि पालिकेला योग्य उपाययोजना करूनही दूर करता येत नसते. कचराकुंडी ठेवायची नाही, रोज झाडलोट करायची नाही आणि मग घाण होते म्हणून गाडे हटवायचे, हा मार्ग कायद्याने बंद केला आहे. आणि शेवटी, पाहणी व आराखडा होईपर्यंत कोणतेच क्षेत्र ना-फेरीवाला म्हणून जाहीर करता येत नाही. येथेही तोच क्रम पाळावा लागतो. याखेरीज 50 वर्षांहून अधिक काळ चालत आलेल्या नैसर्गिक बाजारांना वारसा बाजाराचा दर्जा देऊन तेथील विक्रेत्यांना हलवू नये, अशी तरतूदही दुसऱ्या अनुसूचीत आहे. मराठवाड्यातील जुन्या गावठाणांतील किती बाजार या कसोटीला उतरतील, याचा विचार प्रत्येक पालिकेने करण्यासारखा आहे.

या सगळ्या शिफारशी करणारी नगर पथविक्रेता समिती म्हणजे अधिकाऱ्यांचे मंडळ नव्हे. महानगरपालिकेत आयुक्त आणि नगरपालिकेत मुख्याधिकारी तिचे अध्यक्ष असतात, तसेच पोलीस, वाहतूक शाखा, आरोग्य अधिकारी, नियोजन प्राधिकरण, व्यापारी, रहिवासी, बँका इत्यादींचे प्रतिनिधी तिच्यावर असतात. परंतु किमान 40 टक्के सदस्य पथविक्रेत्यांचे असावे लागतात, ते विक्रेत्यांनी आपसांत निवडणुकीने निवडायचे असतात आणि त्यांतील एक तृतीयांश महिला असाव्या लागतात. आठवड्यातून दोनदा मोंढ्यातून माल आणून तो रस्त्यावर विकणाऱ्या बाईला, पावसाळ्यात कोणत्या बाजूला पाणी तुंबते आणि संध्याकाळी रिक्षा कोठे उभ्या राहतात, हे नकाशावरून आखणी करणाऱ्यापेक्षा अधिक चांगले ठाऊक असते. ती समितीत बसली तरच आराखडा कागदाबाहेर टिकतो. म्हणून समितीच्या निवडणुकीची मतदार यादी जाहीर होईल तेव्हा तिच्यात आपले नाव आहे का, हे पाहणे प्रमाणपत्राइतकेच महत्त्वाचे आहे.

माल उचलला जातो तेव्हा

प्रमाणपत्रात दिलेल्या जागेवरून विक्रेत्याला हलवायचे असेल तर 30 दिवसांची नोटीस द्यावी लागते. मुदत संपूनही तो हलला नाही तरच त्याला प्रत्यक्ष हटवता येते आणि रोज 250 रुपयांपर्यंत दंड आकारता येतो, पण या दंडाची एकूण रक्कम जप्त मालाच्या किमतीपेक्षा जास्त होऊ शकत नाही. हलवलेल्या विक्रेत्याला नवी जागा मिळण्याचा हक्क कलम 13 ने दिला आहे. नोटिशीची मुदत संपल्यावर माल जप्त करता येतो, परंतु त्यासाठीही रीत ठरलेली आहे.

समजा, एका भाजीवालीचा गाडा पथकाने वाहनात चढवला. जप्त केलेल्या प्रत्येक वस्तूची यादी करणे आणि अधिकृत कर्मचाऱ्याच्या सहीची एक प्रत तिच्या हातात देणे बंधनकारक आहे. ही यादी ‘भाजीपाला व गाडा’ अशी एका ओळीत लिहिलेली असेल तर तिचा उपयोग होत नाही. टोमॅटो दोन कॅरेट, मेथीच्या चाळीस जुड्या, इलेक्ट्रॉनिक वजनकाटा एक, चारचाकी हातगाडा एक, ताडपत्री एक, असा तपशील तिने मागितला पाहिजे, कारण पुढे वजनकाटा मिळाला नाही तर तो जप्त झाला होता हे सिद्ध करण्यासाठी एवढा एकच कागद तिच्याजवळ राहतो. भाजी, फळे, फुले, शिजवलेले अन्न असा नाशवंत माल असेल तर मागणी केली त्याच दिवशी आणि टिकाऊ माल असेल तर मागणी केल्यापासून दोन कामकाजाच्या दिवसांत, ठरलेले शुल्क भरल्यावर परत द्यावा लागतो. म्हणून मागणी तोंडी न करता लेखी करावी, तिच्यावर तारीख व वेळ घालावी आणि आवक विभागाचा शिक्का असलेली पोच घ्यावी. मेथी दुसऱ्या दिवशी गुरांपुढे टाकावी लागते. तिच्याबाबतीत ‘उद्या या’ हे उत्तर म्हणजे नुकसानच होय.

महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमातील कलम 231 प्रमाणे आयुक्तांना रस्त्यावर विक्रीसाठी मांडलेला माल नोटिशीशिवाय हटवता येतो, असे उत्तर कधी कधी दिले जाते. ते कलम आहे. मात्र दुसऱ्या कायद्यातील विसंगत तरतुदींवर 2014 चा कायदा वरचढ राहील, असे त्याच्याच कलम 33 मध्ये लिहिलेले आहे, त्यामुळे पाहणीत नोंद असलेल्या विक्रेत्याने हा मुद्दा लेखी मांडावा. पोलीस भारतीय न्याय संहितेच्या कलम 285 खाली रहदारीला अडथळा केल्याचा गुन्हा नोंदवू शकतात आणि त्यात 5,000 रुपयांपर्यंत दंड आहे. ठरलेल्या जागेच्या बाहेर गाडा काढणाऱ्याला या बाबतीत 2014 च्या कायद्याचा आधार मिळेलच असे नाही.

आठवडी बाजाराचे वेगळे गणित

मराठवाड्यातील अनेक विक्रेते शहरात आणि खेड्यात दोन्हीकडे धंदा करतात. चार दिवस तालुक्याच्या गावी आणि उरलेले दिवस भोवतालच्या आठवडी बाजारांत पाल ठोकणारा माणूस एकाच आठवड्यात दोन वेगवेगळ्या कायद्यांखाली येतो, हे त्याला सहसा कोणी सांगत नाही. 2014 चा कायदा शहरी विक्रेत्यांसाठी आहे. महानगरपालिका, नगरपालिका, नगरपंचायत आणि छावणी मंडळ यांच्या हद्दीत तो लागू होतो. त्यामुळे छत्रपती संभाजीनगरात महापालिकेच्या हद्दीतला बाजार असो किंवा छावणीतला, दोन्हीकडे विक्रेत्याला या कायद्याचा आधार घेता येतो. ग्रामपंचायतीच्या हद्दीतील बाजारात मात्र महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम लागू होतो. त्याच्या कलम 124 खाली ग्रामपंचायतीला बाजार व आठवडी बाजारावर फी आकारता येते आणि ती वसूल करण्याचा ठेका अनेक ठिकाणी लिलावाने दिला जातो. तेथे प्रमाणपत्र, पाहणी, 30 दिवसांची नोटीस हे काही नाही. विक्रेत्याने एवढे मात्र पाहावे की ठेकेदार घेतो तो दर ग्रामपंचायतीने ठरावाने मंजूर केलेला आहे का आणि दिलेल्या पैशांची छापील पावती मिळते का. दरपत्रक बाजारात फलकावर लावावे, अशी मागणी ग्रामसभेत करता येते. गावाची नगरपंचायत झाली की त्या दिवसापासून त्या बाजारातील विक्रेता 2014 च्या कायद्याच्या कक्षेत येतो, हेही अलीकडे नगरपंचायत झालेल्या तालुक्याच्या गावांनी लक्षात घ्यावे.

कर्ज, काटा आणि खाद्यपदार्थ

‘आपल्याला स्वनिधीचे कर्ज मिळाले आहे, म्हणजे आपण पक्के झालो’ असे अनेक विक्रेते मानतात. प्रधानमंत्री स्वनिधी ही 1 जून 2020 रोजी सुरू झालेली तारणाशिवाय कर्ज देणारी योजना आहे. आरंभी तिच्यात 10, 20 आणि 50 हजार असे तीन टप्पे होते. 2025 च्या फेररचनेत पहिला टप्पा 15 हजार व दुसरा 25 हजार झाला आणि कर्ज देण्याची मुदत 31 मार्च 2030 पर्यंत वाढवण्यात आली. वेळेवर हप्ते भरणाऱ्याला व्याजात 7 टक्के अनुदान मिळते. तिच्यामुळे खाजगी सावकाराच्या रोजच्या व्याजातून सुटका होते, हे तिचे मोठेच काम आहे. पण या कर्जाने जागेवर हक्क मिळत नाही आणि ते विक्री प्रमाणपत्राची जागाही घेत नाही. पाहणीत नाव नसलेल्यांना पालिकेने दिलेले शिफारस पत्र मात्र, आधी सांगितल्याप्रमाणे, पुरावा म्हणून जपून ठेवावे.

खाद्यपदार्थ विकणाऱ्याने अन्न सुरक्षा कायद्याखालील नोंदणीची चौकशी अन्न व औषध प्रशासनाच्या कार्यालयात करावी. इलेक्ट्रॉनिक वजनकाटा दरवर्षी वैधमापन शास्त्र विभागाकडून तपासून त्यावर मुद्रांकन करून घ्यावे लागते. प्रमाणपत्र खरे असूनही काट्यावरून दंड झाल्याची वेळ अनेकांवर येते.

नकार मिळाल्यावर

प्रमाणपत्राचा अर्ज अडकला, पाहणीतून नाव गळले किंवा जागा बदलण्यात अन्याय झाला तर कलम 20 प्रमाणे तक्रार निवारण समितीकडे लेखी अर्ज करता येतो. दिवाणी न्यायाधीश किंवा न्यायदंडाधिकारी म्हणून काम केलेली व्यक्ती तिची अध्यक्ष असते आणि शासनाचा अथवा पालिकेचा कर्मचारी तिचा सदस्य होऊ शकत नाही. आपल्या शहरात ही समिती आहे का, हेच अनेकांना माहीत नसते. ते जाणून घेण्यासाठी 10 रुपयांचे न्यायालयीन मुद्रांक लावून माहितीच्या अधिकारात अर्ज करावा. त्यात पाहणी कोणत्या तारखेला झाली, नोंदलेल्या विक्रेत्यांची प्रभागवार यादी, दिलेल्या प्रमाणपत्रांची संख्या, नगर पथविक्रेता समितीच्या बैठकींची इतिवृत्ते आणि जप्त मालाची नोंदवही यांच्या प्रती मागाव्यात. उत्तरासाठी 30 दिवसांची मुदत असते आणि पाहणी झालीच नसेल तर ते उत्तरच कलम 3(3) चा आधार घेण्यासाठी सर्वांत उपयोगी कागद ठरतो.

महिला, अनुसूचित जाती-जमातीचे, दिव्यांग आणि ठरावीक मर्यादेपेक्षा कमी उत्पन्न असलेले विक्रेते यांना तालुका विधी सेवा समिती किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून वकील मोफत मिळतो. त्यासाठी तालुक्याच्या न्यायालयाच्या इमारतीतच कार्यालय असते. तेथूनही प्रश्न सुटला नाही तर मराठवाड्यातील विक्रेत्यांना मुंबई उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर येथील खंडपीठात अनुच्छेद 226 खाली याचिका दाखल करता येते. एकट्याने जाण्यापेक्षा एकाच बाजारातील विक्रेत्यांनी मिळून, प्रत्येकाच्या पावत्यांच्या प्रती जोडून गेलेले बरे, कारण एका गाड्याचे अतिक्रमण म्हणता येते, पण वर्षानुवर्षे भरणाऱ्या अख्ख्या बाजाराबाबत न्यायालय पहिला प्रश्न पाहणीचाच विचारते.